विमानाची खोळ

आमच्या शाळेत बाईंची वाक्यं अर्धी राहायची. ओझरच्या विमान कारखान्याच्या वसाहतीतली ती शाळा, आणि उतरणाऱ्या विमानांची वाट नेमकी तिच्या डोक्यावरून. इतिहासाच्या बाई "आणि मग औरंगजेबानं" एवढं म्हणायच्या, खडू हातात तसाच धरून थांबायच्या. खिडक्यांची तावदानं थरथरायची, बाकावरची पेन्सिल घरंगळायची, आणि तो आवाज पोटात शिरून बाहेर पडेपर्यंत औरंगजेब तिथंच ताटकळत उभा राहायचा. आवाज विरला की बाई जिथं थांबल्या होत्या तिथूनच पुढं. नवीन बदलून आलेले शिक्षक सुरुवातीला घसा ताणून बघायचे, मग महिन्याभरात तेही शहाणे होऊन थांबायला लागायचे. देवळालीहून माझा मामा राहायला आला की दर वेळी कानांवर हात ठेवून म्हणायचा, "तुम्ही लोक राहता कसे इथं?" त्याच्या घराजवळ तोफखान्याचा सराव चालायचा, तोफा धडाडायच्या, त्याचं त्याला काही वाटायचं नाही. माणसाला आपल्या घरचा आवाज ऐकू येत नाही हे मला तेव्हापासून माहीत आहे.

आप्पा, म्हणजे माझे वडील, त्या कारखान्यात फिटर होते. विमानाच्या पंखांचे पत्रे एकमेकांना रिव्हेटनं जोडायचे हे त्यांचं काम. घरी त्याबद्दल ते फारसं बोलायचे नाहीत. बोलायचं नाही असा नियमच होता. पण त्यांच्या अंगाला तेलाचा आणि तापलेल्या धातूचा एक वास असायचा, आणि रविवारी ते पेपर वाचता वाचता उजव्या हाताच्या अंगठ्यानं खुर्चीच्या पत्र्यावरून सांधा शोधत राहायचे. एखादं नवं विमान तयार होऊन पहिल्यांदा उडालं की त्या दिवशी कॅन्टीनमध्ये सगळ्यांना बुंदीचा लाडू मिळे. आप्पा तो रुमालात बांधून घरी आणायचे. आम्ही तिघांनी तो वाटून खायचा. लाडवाला किंचित तेलाचा वास यायचा, आणि मला कितीतरी वर्षं बुंदीच्या लाडवाला तसाच वास असतो असं वाटत होतं.

क्वार्टर दोन खोल्यांचं. समोर पंजाबी, शेजारी मल्याळी, वरती बंगाली. संध्याकाळी एकाच जिन्यात मोहरीचं तेल, खोबरेल आणि आमच्या आईनं तव्यावर परतलेला कांदा असे तीन वास एकत्र यायचे. आई सिन्नरच्या बाजूच्या रीतीनं कुळथाचे शेंगोळे करायची, वरून लसणाची फोडणी, सोबत बाजरीची भाकरी. द्राक्षांच्या दिवसांत पिंपळगावच्या बाजूनं गाड्यावर सुटे मणी विकायला यायचे. घड परदेशी जायचे, आणि खोक्यात न बसलेले मणी आमच्याकडे. आम्ही ते परातीत ओतून खात बसायचो. पुढं मुंबईत मोठ्या दुकानात अख्खे घड पाहिले, विकत घेतले, पण परातीतल्या मण्यांची चव काही त्यांना आली नाही.

पण मला लिहायचंय ते आईच्या शेडबद्दल.

आईचे वडील देवळाली कॅम्पात तंबू शिवायचे. फौजेला लागणारे जाड कापडाचे तंबू. आई लहानपणी त्या कापडाच्या ढिगांवर झोपली, त्यांच्याच हाताखाली मेण लावलेला दोरा ओढायला शिकली. लग्न होऊन ओझरला आल्यावर तिला कळलं की विमानांनाही कपडे लागतात. उभ्या विमानाच्या काचेवर, नाकावर, हवा आत घेणाऱ्या तोंडांवर जाड कापडाची आच्छादनं घालतात, म्हणजे धूळ आणि पाखरं आत जात नाहीत. कारखान्यात त्याला कव्हर म्हणत. आई खोळ म्हणायची. बायकांनी लघुउद्योग काढावेत म्हणून कारखाना तेव्हा बाहेर कामं द्यायचा. आईनं अर्ज केला, नमुना शिवून दाखवला, आणि गावातून हायवेकडं येणाऱ्या रस्त्यावर कांदे साठवायची एक जुनी चाळ भाड्यानं घेतली. फटींना पत्रे मारले, जड मशिनं आणली. सुरुवातीची कित्येक वर्षं उन्हाळ्यात त्या जागेला कांद्याचा वास सुटायचा. खोळी तपासायला येणारे नायरसाहेब नाक वर करून म्हणायचे, "शालनताई, हमारा विमान का प्याज भजी मत बनाओ."

शेडमध्ये सात-आठ बायका होत्या. त्यांत आईच्या बरोबरीची शकुंतला. मी तिला शकूमावशी म्हणायची. गावातल्या बौद्ध वस्तीत राहायची, नवरा ट्रकच्या अपघातात गेलेला, पदरात एक मुलगा, चंदू. हाडापेरानं मजबूत, आणि बोलायला तिखट. खोळींना लावायच्या लाल पट्ट्या तिच्याकडे असत. त्या पट्ट्यांवर पांढऱ्या इंग्रजी अक्षरांत लिहिलेलं असायचं की उडण्याआधी हे काढा. विमानाला खोळ तशीच राहिली तर अनर्थ, म्हणून ती पट्टी लांबून दिसलीच पाहिजे. शकूमावशीला इंग्रजी येत नव्हतं, पण एका अक्षराचा रंग फिसकटला तर ती पट्टी बाजूला काढायची. "पायलट बी कुनाचं तरी लेकरूच हाय," म्हणायची.

आणि टाके! आईचा सगळा अभिमान टाक्यांत होता. बारीक, जवळजवळ, एकसारखे. तंबू शिवणाऱ्याची मुलगी ती. जितके टाके दाट तितकी शिवण घट्ट, हे तिच्या वडिलांनी तिला शिकवलेलं. जाड सुती कापड ओलं झालं की फुगतं आणि सुईची भोकं आपोआप बुजतात, त्यामुळे पाण्याचीही भीती नाही. नायरसाहेब खोळीत पाणी ओतून ठेवायचे, घड्याळ बघत चहा प्यायचे, आणि खाली हात फिरवून कोरडा तळवा दाखवायचे. मग सगळ्या बायका हसायच्या. आईची खोळ परत आल्याचं मला आठवत नाही.

माझ्या दहावीच्या वर्षी इतिहासाच्या बाईंचा धडा वेळेआधी संपायला लागला.

कुणी जाहीर केलं नाही, कुठं बातमी आली नाही. आवाज फक्त कमी होत गेला. ज्या सोव्हिएत रशियाच्या बनावटीची विमानं इथं जोडली जायची, तो देशच मोडला होता, आणि हातातल्या विमानांचं काम संपल्यावर पुढचं काय हे कुणालाच माहीत नव्हतं. आप्पांचा ओव्हरटाइम आधी गेला. मग नुसतं जुन्या विमानांच्या दुरुस्तीचं काम उरलं, तेही सगळ्यांना पुरेल एवढं नाही. आप्पा वेळेवर जायचे, वेळेवर यायचे, आणि त्यांच्या अंगाला तेलाचा वास येईनासा झाला. पगार चालू होता, सरकारी होता. पण एकदा ते आईला म्हणाले, "आज दिवसभर हत्यारं पुसली. काल पण पुसली होती." आणि जेवणावरून लवकर उठले.

पगार ज्यांचा चालू नव्हता त्यांचे खरे हाल. वसाहतीच्या भिंतीबाहेर केवढं जग त्या कारखान्यावर टेकून उभं होतं, ते तेव्हा दिसलं. साचे बनवणारे, रंग देणारे, छोटे सुटे भाग कातणारे, एकेका शेडमधली चार-चार लेथ मशिनं झाकली गेली. त्यांच्या कामगारांच्या जेवणाचे डबे करणाऱ्या बाईचं काम बंद झालं. कोपऱ्यावरच्या बेकरीत टोस्टची बरणी अर्धी राहायला लागली. शिफ्ट सुटायच्या वेळी फाटकाबाहेर सुकेण्याच्या मळ्यांतल्या बायका मेथी, गवार, शेवंतीची फुलं घेऊन बसायच्या, त्याही एकेक करून नाशिकच्या बाजाराला जायला लागल्या. समोरचं पंजाबी कुटुंब बदली घेऊन ओरिसाला गेलं. त्यांच्या दाराला लागलेलं कुलूप पाहिलं की जिन्यातून जाताना मला उगीच घाई व्हायची.

त्या वर्षांतलं एक जेवण मला आठवतं. मी अकरावीला नाशिकला जायला लागले होते. अर्थशास्त्राच्या सरांनी वर्गात विचारलं होतं की गरीब देशानं लढाऊ विमानांवर पैसा घालावा की शाळा आणि धरणांवर. जवळजवळ सगळ्यांनी शाळांसाठी हात वर केले. मीही केला. घरी येऊन आप्पांना तेच विचारलं.

"शाळा हव्यातच की," आप्पा म्हणाले. "मी कुठं नाही म्हणतो?"

"म्हणजे विमानं नकोत?"

"मला विचारू नकोस उषा. मी त्या पैशावरच जेवतोय. माझं उत्तर कसं खरं धरशील?"

आई भाकरी थापत होती. मागं न वळता म्हणाली, "विमानावरचा पैसा काय विमानात बसून उडून जातो का गं? शकूच्या चंदूची शाळा त्यातनंच चालली होती. तुझी पण."

"आणि विमान थांबलं की दोघांची एकदम थांबते," आप्पा म्हणाले. "ते पण सांग तिला."

 आईनं भाकरी तव्यावर जरा जोरात आपटली.

आज पेपरात संरक्षण उत्पादनाबद्दल मोठमोठे लेख येतात. किती कोटींची निर्यात, किती रोजगार, कुठल्या राज्यात कुठला पट्टा. मी ते वाचते, पटतातही. पण ते वाचताना माझ्या डोळ्यांपुढं त्या संध्याकाळचे आप्पा आणि आई येतात. दोघंही बरोबर होते, आणि दोघांनाही ते माहीत होतं. म्हणूनच त्या दिवशी वाद पुढं गेला नाही.

शेडमध्ये खोळींचं काम संपल्यावरही बायका यायच्या. आईनं त्यांना घरी बसा असं सांगितलं नाही. शाळेची दप्तरं शिवून पाहिली, ती नाशिकच्या बाजारात स्वस्त दप्तरांपुढं टिकली नाहीत. मग लासलगावच्या एका कांदा व्यापाऱ्यानं ट्रॅक्टरच्या ट्रॉलीवर टाकायला ताडपत्र्या मागितल्या. आईनं विमानाला शिवायची तशाच शिवल्या. व्यापाऱ्यानं ताडपत्री उलटीपालटी करून पाहिली आणि म्हणाला, "ताई, इतके टाके कशाला? मला कांदा झाकायचाय, राजवाडा नाही. निम्म्या येळात शिवा आन निम्म्या भावात द्या."

आईला ते लागलं. पण तिनं टाके कमी केले नाहीत, भाव कमी केला. त्यावर शेड चालणं शक्यच नव्हतं. एकेक बाई गळत गेली. एकीचं लग्न झालं, दोघी द्राक्षांच्या पॅकिंगला लागल्या. मालेगावचा एक माणूस येऊन दोन मशिनं घेऊन गेला. टेम्पोत चढवताना आईनं त्यांच्यावर जुनी खोळ टाकली आणि दोरीनं बांधली. "धूळ बसंल," एवढंच म्हणाली. शेवटी शकूमावशी आली. चंदूला सिन्नरच्या औद्योगिक वसाहतीत काम लागलं होतं, आणि तिथंच एका कारखान्यात बायकांनाही घेत होते. गाड्यांच्या सीटची रेक्झिनची कव्हरं शिवायचं काम.

"जाऊ का?" तिनं विचारलं.

"जा," आई म्हणाली. "मला विचारतेस काय?"

"तुलाच इचारनार ना. दुसऱ्या कुनाला इचारू?"

त्या दोघी बराच वेळ शेडच्या दारात उभ्या होत्या. मी आत बसून सुटे दोरे गुंडाळत होते.

मग काही वर्षं गेली. ती वर्षं माझ्या लेखी कॉलेजची, बसच्या पासची आणि मैत्रिणींची. घरातली शांतता मी घरी कमी राहून टाळत होते. बी.ए. झाले तेव्हा शेडमध्ये आई आणि आणखी दोघी होत्या, आणि ताडपत्र्या.

नवं विमान येणार ही बातमी आधी बेकरीत कळली, मग पेपरात. जुन्यापेक्षा कितीतरी मोठं, दोन इंजिनांचं, दोन पायलट बसतील असं. आधी तयार आलेले भाग जोडायचे, मग हळूहळू सगळं इथंच बनवायचं. आप्पांना प्रशिक्षणाला बसवलं. पन्नाशीच्या उंबरठ्यावरचा माणूस वही घेऊन जायला लागला, घरी येऊन आरशापुढं रशियन शब्द पुटपुटायला लागला. बेकरीवाल्यानं दुकानाला नवा रंग दिला. आणि एके दिवशी नायरसाहेब स्कूटरवरून शेडवर आले. डोक्यावरचे केस पांढरे झालेले.

"शालनताई, ट्रायल है," ते म्हणाले. "काचेचा कव्हर. मुंबईची एक पार्टी पण देणार आहे नमुना. आपका भी लूंगा. पण कपडा नया है. सुती नहीं."

त्यांनी आणलेलं कापड गुळगुळीत होतं, आतून लेप दिलेलं, वजनाला हलकं. आईनं ते गालाला लावून पाहिलं. सोबत ड्रॉइंग होतं. ते मी तिला वाचून दाखवलं, मापं, घड्या, शिवणीची जागा, एका इंचात किती टाके. टाक्यांचा आकडा ऐकून आई हसली. "एवढे विरळ? हे तर कांद्याची ताडपत्री झाली." आणि तिनं आपल्या पद्धतीनं शिवलं. रात्रंदिवस नाही, निवांत, नेटानं, वडिलांनी शिकवलं होतं तसं. इतकं देखणं काम मी तिच्या हातचं पाहिलं नव्हतं.

नायरसाहेबांनी पाणी ओतलं. चहा येण्याआधीच खालून थेंब पडायला लागले. मग शिवणीवर थोडा ताण दिला, तर शिवण उसवली नाही, कापडच फाटलं. भोकांच्या रेषेवर सरळ फाटलं, पोस्टाचं तिकीट फाटतं तसं.

नायरसाहेब खाली बसले आणि ते फाटलेलं टोक त्यांनी हळूच घडी करून ठेवलं. "ड्रॉइंगमध्ये जितना है, उतनाच," ते म्हणाले. "जास्त पण नाही. ये कपडा फूलता नहीं, ताई. भोक पडलं की भोकच राहतं." मग उठता उठता, "दूसरा टुकडा देतो. पण एकच. मेरे पास और नहीं है."

त्या दिवशी आई जेवली नाही. आप्पा तिच्याजवळ जाऊन बसले. मला वाटलं, ते समजूत घालतील. ते म्हणाले, "मला पण परवा सांगितलं, तुझा हात जड आहे, नवा पत्रा पातळ आहे. वीस वर्षांचा हात हलका करायचाय आता." आई म्हणाली, "शकूला हे कापड येत असेल. रेक्झिन असंच असतं."

दुसऱ्या दिवशी आम्ही दोघी सिन्नरला गेलो. ओझरहून नाशिक, नाशिकहून लाल गाडी, आणि स्टँडपासून पुढं जीप, तिच्यात आम्ही अर्ध्या बाहेर. शकूमावशीची खोली कारखान्यांच्या मागच्या चाळीत होती. भिंतीवर बुद्धाची तसबीर, कोपऱ्यात शिलाई मशिन, आणि स्टोव्हपाशी चंदूची नवी नवरी, सुषमा, आमच्याकडे चोरून बघत चहा उकळत होती. मावशी वाळली होती, पण आवाज तोच.

"किती वर्सांनी आलीस गं! आन ती बी कामासाठीच."

आई ओशाळली नाही. पिशवीतून फाटलेली खोळ काढून तिच्या पुढ्यात टाकली. मावशीनं ती उजेडात धरली आणि खो खो हसत सुटली. "शालन, अगं हे काय केलंस! चाळण केलीस की याची! मला बी पैल्या महिन्यात असंच झालं व्हतं. सुपरवायझरनं लय बोल लावले. तुझ्यामुळं!" मग ती गंभीर झाली. बोटानं शिवण चाचपत म्हणाली, "सुई बारीक पायजे. टाका लांब. आन वरच्या वाकाला कापड ओढायचं नाय, हात सैल सोडायचा, ते आपसूक वळतं. वळणाआधी दोऱ्याला जरा साबण लाव."

"तू ये," आई म्हणाली.

मावशी रविवारी आली, सुट्टीच्या दिवशी, सकाळच्या पहिल्या गाडीनं. स्वतःच्या सुया कागदात गुंडाळून आणल्या होत्या. दोघी मशिनवर बसल्या, एकीनं कापड सोडायचं, एकीनं चालवायचं. आईचा पाय सवयीनं मशिन बारीक टाक्यावर न्यायला बघायचा आणि मावशी तिच्या गुडघ्यावर चापट मारायची. वाकापाशी आल्यावर आईनं मशिन सोडलं आणि मावशीला बसवलं. मी ड्रॉइंग धरून उभी होते, पण माझी गरज लागली नाही. दुपारी शेंगोळ्यांचं भांडं मध्ये ठेवून आम्ही शेडच्या दारात जेवलो. दोघी जुन्या बायकांची नावं काढून कोण कुठं असेल ते बोलत होत्या. बऱ्याच जणींचा पत्ता दोघींनाही माहीत नव्हता. नवी मशिनं विकत आणता आली असती. त्या बायका कुठून आणणार, हे तेव्हा माझ्या लक्षात आलं.

त्या आठवड्यात नायरसाहेबांनी पाणी ओतलं, घड्याळ बघितलं, चहा प्यायले. मग आणखी एक चहा मागितला. खालून हात फिरवला आणि कोरडा तळवा आईपुढं धरला. मुंबईच्या पार्टीचा नमुनाही कसोटीला उतरला होता, असं नंतर कळलं. काम दोघांत वाटून मिळालं. आमच्या वाट्याचं काम शेडच्या आवाक्याबाहेर होतं. आईनं मालेगावच्या माणसाकडे मशिनं परत मागितली, त्यानं नाही सांगितलं, तर नवी घेतली.

पुढच्याच रविवारी ती मावशीकडं गेली. मीही बरोबर होते. तिच्यासाठी साडी घेतली होती.

"आता ये परत," आई म्हणाली. "पगार तिथल्यापेक्षा जास्त देईन. शेड तुझीच आहे."

शकूमावशीनं साडीवरून हात फिरवला. मग म्हणाली, "शालन, विमान परत बंद पडलं मंजी?"

आईला खोटं सांगता आलं असतं. आप्पा सांगत होते की या वेळी वर्षानुवर्षांचं काम आहे, पेपर सांगत होते, बेकरीवालाही सांगत होता. पण मागच्या वेळीही सगळे तेच सांगत होते, आणि समोर बसलेली बाई त्यावर विश्वास ठेवून एकदा उघड्यावर पडली होती.

"ते मला नाही सांगता येणार," आई म्हणाली.

"मंग मी हितंच बरी. हितं पगार कमी हाय, पर गाड्या रोज निघत्यात." तिनं आईचा हात धरला. "राग नको धरू."

"राग कसला, शकू."

परतीच्या गाडीत आई खिडकीशी बसली होती. द्राक्षांचे मळे मागं पडत होते. मला वाटलं ती रडतेय, पण ती हिशेब करत होती. ओझरला उतरल्यावर घरी न जाता तिनं लासलगावच्या कांदा व्यापाऱ्याला फोन लावला आणि विचारलं, ताडपत्र्या हव्यात का. "कमी टाक्यांच्या," ती म्हणाली. घरी कळल्यावर आप्पा चकित झाले. विमानाचं काम दारात उभं असताना कांद्याचं कशाला? आई म्हणाली, "दोन मशिनं कांद्यालाच राहणार. कितीही काम येऊ दे." पुढं फार कामाचे दिवस आले, नायरसाहेब घाई करायचे, तरी ती दोन मशिनं तिनं कधी विमानाला दिली नाहीत.

सोमवारी सकाळी शेडचं कुलूप काढायला आम्ही गेलो तर दारात सुषमा उभी होती. हातात पत्र्याची छोटी पेटी, पदर नीट खोचलेला, तोंडावर प्रवासाची धूळ. मागं चंदू भिंतीला टेकून उभा होता. ती वाकून आईच्या पाया पडली.

"सासूबाईंनी पाठवलंय," ती म्हणाली. "त्या म्हणाल्या, मी तिकडंच ऱ्हाते, तू शालनताईकडं जा. एकीनं तिकडं, एकीनं इकडं. दोन्ही एकदम काय बंद पडायचं नाय."

आईनं तिच्याकडे पाहिलं. मग तिच्या हातातली पेटी घेऊन आत ठेवली आणि खिडकीजवळचं नवं मशिन तिला दाखवलं.

"बस," आई म्हणाली. "हात सैल सोडायचा, एवढं लक्षात ठेव."